अण्णांची कोडी, आठ रुपये पान

वडिलांनी रजिस्टरांत चिकटवलेली शब्दकोड्यांची कात्रणं दुरुस्त आणि स्कॅन करून घेतली, बिल झालं ११,९५० रुपये. मुदत सांगितली होती तीन आठवडे, लागले नऊ. एक अख्खा गठ्ठा दुसऱ्यांदा स्कॅन करून घ्यावा लागला आणि त्यासाठी भर दुकानात मला आवाज चढवावा लागला. एवढं होऊनही उरलेली तीन रजिस्टरं मी परवा त्यांच्याकडेच टाकून आले. हे असं का, ते जरा सविस्तर लिहिते. कारण महिनाभरात चार जणींनी विचारलंय, "तुझ्या वडिलांची कात्रणं कुठं करून घेतलीस गं?"

दुकान पुण्यात, अप्पा बळवंत चौकाच्या मागच्या गल्लीत आहे. मूळ धंदा बुकबाइंडिंगचा, हल्ली आत एक मोठा स्कॅनर बसवलाय. नाव इथे लिहीत नाही. कौतुक आहे तशा तक्रारीही आहेत, आणि तक्रारी मी त्यांच्या तोंडावर केलेल्या आहेत, तेवढं पुरे.

आधी माल काय होता ते सांगते, म्हणजे काम किती किचकट होतं ते कळेल.

माझे वडील, अण्णा, एस.टी.त वाहतूक नियंत्रक. बरीच वर्षं कराडला. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेचा भूकंप झाला तेव्हा मी पाळण्यात होते. आई सांगायची, त्यानंतर कितीतरी दिवस गल्लीतली माणसं थंडीत बाहेर झोपायची. अण्णांना घरातही झोप येईना आणि अंगणातही. शेवटी त्यांनी रात्रपाळी मागून घेतली. रात्रपाळीत शेवटची गाडी गेली की पहाटेच्या पहिल्या गाडीपर्यंत करायचं काय? तिथे शब्दकोडी सुरू झाली. पहिल्या रजिस्टरच्या पहिल्या पानावर 'जानेवारी ६८' असं लिहिलंय. शेवटचं कात्रण १९९४ चं. सव्वीस वर्षं, बारा रजिस्टरं.

पेपर विकतचे नसत. उतारू जे पेपर सीटवर टाकून जायचे, ते कंडक्टर मंडळी येता-जाता अण्णांच्या केबिनच्या खिडकीत आणून ठेवायची. आज पुण्याचा, उद्या मुंबईचा, परवा कोल्हापूरचा, आणि त्यातही कधी शिळा, कधी भेळेचा. यात एक गोम होती. कोड्याचं उत्तर दुसऱ्या दिवशी छापून येतं, आणि दुसऱ्या दिवशी अण्णांच्या हातात पेपर भलताच. सव्वीस वर्षं या माणसानं कोडी सोडवली आणि बहुतेकांची छापील उत्तरं कधी पाहिलीच नाहीत. म्हणून पद्धत अशी, की आधी पेन्सिलीनं भरायचं, सगळीकडून जुळलं, खात्री पटली, की मग शाईनं गिरवायचं. खात्री नसेल तर पेन्सिल तशीच. ही पेन्सिल लक्षात ठेवा, पुढे तिच्यावरूनच भांडण झालं.

कात्रणं चिकटवली होती ऑफिसातल्या रद्द झालेल्या जाड रजिस्टरांत. चिकटवायला घरची खळ, म्हणजे मैदा, पाणी आणि कसर लागू नये म्हणून चिमूटभर मोरचूद. मोरचूद विषारी, त्यामुळे आईनं त्यासाठी डालड्याचा एक डबा कायमचा वेगळा काढला होता आणि त्या डब्याला आम्ही पोरांनी हात लावला तर मार बसायचा. रजिस्टरांत वेखंडाचे तुकडे ठेवलेले. अजूनही कुठलंही पान उघडलं की आधी वेखंड येतं, मग जुन्या कागदाचा तो आंबूस वास.

पहिली चूक माझीच. रिटायर झाल्यावर उत्साहाच्या भरात मी एका रजिस्टरातली सुटी झालेली ३८ कात्रणं घराजवळच्या एका झेरॉक्सवाल्याकडून लॅमिनेट करून आणली. गरम रुळातून निघालेली, चकचकीत. मला वाटलं, झालं, आता शंभर वर्षं बघायला नको. चार महिन्यांत दोन-तीन पानांत बुडबुडे आले, आणि एका कात्रणाची घडी रुळात चेपून एक अख्खी ओळ कायमची दुमडली गेली. आत काय चाललंय ते दिसतंय, पण हात लावता येत नाही. आजीच्या कपाटातल्या काचेच्या बरणीसारखं.

त्या ३८ कात्रणांची थप्पी मी बाइंडिंगवाल्या काकांपुढे ठेवली, तेव्हा त्यांनी ती उचललीसुद्धा नाही. "हे आता असंच राहणार, ताई," म्हणाले. "कागद बाहेर काढायला गेलात तर कागदच प्लॅस्टिकबरोबर येईल." मग रजिस्टर उघडून एकेका पानाला नाक लावलं. खरंच नाक लावलं. "ही खळ. हा डिंक. आणि हे..." त्यांनी एका तपकिरी पट्ट्यावर नख टेकवलं, "हा सेलोटेप वडिलांचा नाही. वडील असलं करणार नाहीत." तो मी १९९९ साली लावला होता. गप्प बसले.

काकांचं बोलणं ऐकण्यासारखं आहे, म्हणून थोडं लिहिते. वर्तमानपत्राचा कागद मुळात टिकण्यासाठी केलेलाच नसतो. लाकूड यंत्रात दळून त्याचा लगदा करतात, आणि त्यात लाकडातलं लिग्निन नावाचं द्रव्य तसंच राहतं. उजेड आणि हवा लागली की ते पिवळं पडतं आणि कागदात आम्ल तयार होतं. ते आम्ल कागदाचे धागे खात बसतं, आणि मग एक दिवस कोपरा हातात येतो. काकांनी मला दाखवलं. पान न दुमडता फक्त कोपरा जरा उचलला, तर बिस्किटासारखा कट्कन तुटला. जिथे अण्णांनी स्टेपलची पिन मारली होती, तिथे गंजाचा ठिपका आणि ठिपक्याच्या जागी आरपार भोक. माझ्या सेलोटेपचा पारदर्शक कागद सुटून पडला होता, पण त्याचा चीक मात्र कागदात मुरून बसला होता. त्यांच्या मते शत्रूंचा क्रम असा: सेलोटेप, पिन, उजेड, आणि मग कसर. मला वाटत होतं कसर पहिली.

लॅमिनेशन म्हटलं की सगळंच वाईट असं नाही, हेही त्यांनीच सांगितलं. दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात फाटक्या दस्तांना अॅसिटेटची पातळ फिल्म आणि टिश्यू लावून वरून अॅसिटोनचा, म्हणजे ती फिल्म विरघळवणाऱ्या द्रवाचा, बोळा फिरवायची पद्धत निघाली. त्यात उष्णता नाही, यंत्र नाही. माझ्या रजिस्टरांना मात्र त्यांनी तेही केलं नाही. फाटलेल्या जागी मागून कांद्याच्या सालीएवढा पातळ टिश्यू लावला, तोही गव्हाच्या सत्त्वाच्या पातळ खळीनं. का, तर पुढेमागे कुणाला काढावासा वाटला तर पाण्याच्या हातानं निघेल. दोन रजिस्टरांच्या दुरुस्तीचे १,६०० रुपये लावले, आणि या ११,९५० मधले मला सर्वांत कमी टोचलेले हेच १,६००.

आता स्कॅनिंग. पानाला आठ रुपये, ८७० पानं.

पहिल्या खेपेला पेनड्राइव्ह घरी आणला, चहा घेतला, कौतुकानं पहिली फाइल उघडली. सगळं कसं कोरं करकरीत. पांढरा कागद, काळी अक्षरं, पिवळेपणा गायब. दुसरी फाइल, तिसरी. पाचव्या-सहाव्या पानावर काहीतरी टोचायला लागलं. मी एकतीस वर्षं बँकेत चेक क्लिअरिंगला काढली आहेत, खाडाखोड कुठे झाली ते मला सहीच्या आधी दिसतं. इथे खाडाखोड दिसतच नव्हती. अण्णांचं कोडं आणि खाडाखोड नाही? मूळ रजिस्टर घेऊन ताडून पाहिलं. पेन्सिल गेली होती. सगळी. यंत्राला 'छापील मजकूर' अशी आज्ञा दिलेली, काळं किंवा पांढरं, मधलं काही नाही. करड्या पेन्सिलीला यंत्रानं पांढरं ठरवलं आणि पुसून टाकलं. जिथे अण्णांना खात्री होती तेवढंच उरलं होतं, आणि जिथे ते अडले, चुकले, परतले, ते सगळं साफ.

दुकानात जाऊन मी हे सांगितलं तेव्हा स्कॅनरवर बसणारी त्यांची सून म्हणाली, "पण मॅडम, वाचायला तर हेच छान आहे." इथे माझा आवाज चढला. वाचायला छान असलेलं शब्दकोडं मला कशाला हवंय! काका बाहेर आले, त्यांनी रजिस्टर बघितलं, स्क्रीन बघितला, आणि सुनेला म्हणाले, "परत घे. रंगीत घे. यांचे पैसे लावायचे नाहीत." प्रकरण मिटलं. दुसऱ्या खेपेला ४०० डीपीआयवर, म्हणजे इंचाला चारशे ठिपके घेऊन, रंगीत आलं, ठेवायला टिफ आणि बघायला पीडीएफ. पिवळेपणासकट, गंजासकट, पेन्सिलीसकट. तुम्ही कुठेही द्या, आधी एक पान करून बघा आणि त्यात पेन्सिल शोधा.

सुनेचं एक कसब मात्र मान्य करायला हवं. पातळ कागदावर मागच्या बाजूची छपाई पुढे उमटते आणि काळे-पांढरे चौकोन गढूळ होतात. तिनं प्रत्येक सुट्या कात्रणामागे काळा कार्डपेपर ठेवला. पांढरा ठेवला तर मागचं जास्त दिसतं, काळा ठेवला तर मागची अक्षरं त्या काळ्यात बुडतात. माझा विश्वास बसेना, म्हणून तिनं दोन्ही करून दाखवलं. पोरगी हुशार आहे, फक्त आपण काय जपतोय हे कुणीतरी आधी सांगायला हवं होतं. तो दोष अर्धा माझाही.

आणि मागची बाजू! अण्णांनी कात्रणांवर तारखा लिहिल्या नाहीत, पण खळ सुटलेल्या कात्रणांच्या पाठी वाचता आल्या. एका कोड्याच्या पाठीवर अर्धवट मथळा आहे, '...यलॅबचे तुकडे'. म्हणजे स्कायलॅब, अमेरिकेची कोसळलेली अंतराळ-प्रयोगशाळा, म्हणजे जुलै १९७९, जेव्हा ती आपल्याच कौलांवर पडणार म्हणून आमच्या गल्लीतल्या एका आजींनी लोणच्याच्या बरण्या कॉटखाली सरकवल्या होत्या. दुसऱ्याच्या पाठीवर एशियाडची पदकं, म्हणजे १९८२ चा शेवट. मी सुनेला सुट्या कात्रणांच्या पाठीही स्कॅन करायला सांगितल्या. तिनं त्याचेही आठ रुपये लावले. रास्त आहे. फायलींना नावं मात्र 'स्कॅन०००१', 'स्कॅन०००२' अशी देऊन ठेवली, रजिस्टर कुठलं, पान कुठलं, काही पत्ता नाही. मी तीन दुपारी बसून ती बदलली. हे त्यांनी करून द्यायला हवं, आठ रुपयांत ते बसतं.

इथपर्यंत झालं जपणं. पण सोडवलेलं कोडं म्हणजे खाल्लेली कैरी. बघून तोंडाला पाणी सुटतं, बास. ते परत सोडवायचं असेल तर कोरं हवं. या दुकानानं कोड्यामागे ४५ रुपये घेऊन तेही करून दिलं. चौकट नव्यानं आखायची, आडवे-उभे शब्द टाइप करायचे, आणि कोरी प्रत छापायची. मी पन्नास करून घेतली.

ही कल्पना माझी नाही. दादाच्या मुलानं (अमेरिकेत नाही, हिंजवडीत असतो) मला दाखवलं, की तिकडे डेव्हिड स्टाइनबर्ग नावाच्या शाळकरी मुलानं २०१२ साली न्यूयॉर्क टाइम्सची जुनी कोडी अशीच टाइप करून घ्यायला सुरुवात केली. त्या पेपरात १९४२ च्या फेब्रुवारीपासून कोडी येतात, आणि १९९३ च्या नोव्हेंबरात विल शॉर्ट्झ कोड्यांचे संपादक झाले. त्याआधीची सगळी कोडी नुसती चित्रं म्हणून पडून होती. या मुलानं स्वयंसेवक गोळा केले, आणि मिळून सोळा हजारांवर कोडी परत सोडवता येतील अशी केली. त्या काळी रोजच्या कोड्याखाली रचणाऱ्याचं नाव छापत नसत, तर ती नावंही त्यांनी हुडकायला घेतली. माझ्या रजिस्टरांतही कोडं रचणाऱ्याचं नाव क्वचितच आहे. कोण होती ही माणसं, रोज बसून शब्दांत शब्द अडकवणारी?

तर टायपिंग. ते करतो काकांच्या ओळखीतला एक मुलगा, बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाचा. मनापासून करतो, पण ऱ्हस्व-दीर्घाशी त्याचं वैर आहे. इंग्रजी कोड्यात एका घरात एक अक्षर. आपल्याकडे एका घरात काना-मात्रा-वेलांटीसकट अख्खं अक्षर, जोडाक्षर असेल तर तेही सगळं एकाच घरात. म्हणजे 'कीर्तन'ची घरं तीन, की, र्त, न. आणि आडवा-उभा शब्द जिथे एकमेकांना छेदतो तिथे दोघांची वेलांटी एकच हवी. एका कात्रणात आडवा शब्द 'हरिदास करतो ते (३)', आणि त्याच घरातून खाली उतरणारा उभा 'रायगड हा एक (२)'. कीर्तन आणि किल्ला. एकाला दीर्घ हवी, दुसऱ्याला ऱ्हस्व, आणि घर एक. रचणाऱ्यानं सरळ डोळेझाक केलेली. अण्णांनी त्या घरात नुसता 'क' काढलाय, त्याच्या डावीकडे लाल शाईची वेलांटी, उजवीकडे निळ्या शाईची, आणि बाजूला समासात लिहिलंय, 'संपादकांस चालते, मला चालत नाहीं.' 'नाहीं'वर अनुस्वार. साहित्य महामंडळानं १९६२ साली न उच्चारले जाणारे अनुस्वार काढून टाकले, अण्णांनी शेवटपर्यंत काढले नाहीत. रद्दीत अनुस्वार टाकायचं त्यांच्या जिवावर येत असावं.

अशा माणसाची कोडी टाइप करायची म्हणजे चूक दिसणारच. पन्नास कोऱ्या प्रतींत मी सतरा चुका काढल्या. त्या मुलाला नाउमेद करायचं नव्हतं, म्हणून त्याला गोष्ट सांगितली. जगातलं पहिलं शब्दकोडं २१ डिसेंबर १९१३ ला न्यूयॉर्क वर्ल्डच्या रविवारच्या पुरवणीत आलं, आर्थर विन यांचं. ते चौकोनी नव्हतं, शंकरपाळ्यासारखं होतं, आणि नाव होतं 'वर्ड-क्रॉस'. काही आठवड्यांनी छपाईत शब्द उलटेपालटे झाले, 'क्रॉस-वर्ड' छापून आलं आणि तेच चिकटलं. म्हणजे या खेळाचं नावच मुळी कंपोझिटरच्या चुकीतून आलेलं. मुलगा खूश झाला. चुका कमी झाल्या नाहीत.

कोऱ्या प्रती घेऊन आम्ही एका रविवारी बसलो. मी, दादा, वहिनी आणि हिंजवडीवाला. 'कोळसा खाते, माहेरी नेते (४)' हे वहिनींनी वाचता वाचता सोडवलं, आगगाडी. 'दूरच्याशी बोलायला आधी नोंदवावा लागतो (४)' दादाला लगेच आलं, ट्रंककॉल. त्यानं तो किती वेळा नोंदवून तास तास बसलाय! हिंजवडीवाला 'रुपयाचा सोळावा भाग (२)' याला कॅल्क्युलेटर काढून बसला, सव्वासहा पैसे आलं, म्हणाला हे दोन घरांत कसं बसवू? आणा, रे. दशमान नाणी १९५७ साली आली, पण कोडी रचणारे पुढे कितीतरी वर्षं आण्यांतच हिशेब करत होते.

खरी मजा आली 'दूध घेताना दाखवावे लागते' याला. दोन घरं. हिंजवडीवाल्यानं छाती पुढे काढून 'भांडे' म्हटलं. बसतंय. लिंगही जुळतंय. दादा गोंधळला, कारण कराडात दूध घेताना आम्हीही भांडंच पुढे करायचो. वहिनी माहेरच्या मुंबईच्या, चाळीतल्या. त्या म्हणाल्या, "कार्ड! दुधाचं कार्ड. आरेच्या सेंटरवर कार्ड दाखवल्याशिवाय बाटली मिळायची नाही." मूळ कात्रण उघडलं. अण्णांनी आधी पेन्सिलीनं 'भांडे' लिहिलेलं, ते खोडून मग शाईनं 'कार्ड'. म्हणजे एक तर त्यांना कुणी मुंबईच्या कंडक्टरनं सांगितलं, नाहीतर उभ्या शब्दानं. आणि आम्हाला कळलं ते वेगळंच, की हे कात्रण मुंबईच्या पेपरातलं आहे. पाठ न बघता.

चौथ्या रजिस्टरात एक कोडं आहे, 'तुकोबांची पत्नी (३)'. स्क्रीनवर मोठं करून पाहिलं तर शाईच्या 'जिजाई'खाली पुसलेल्या पेन्सिलीची 'आवली' अजून दिसते. दोन्ही एकाच बाईची नावं, दोन्हींना तीन घरं. खाली उतरणारा शब्द 'आपुलकी (३)', त्यानं निकाल लावला, जिव्हाळा. 'जि'नं सुरू होतो म्हणून जिजाई. आवली या नावाला आपुलकी जमेना, असं वहिनी म्हणाल्या. रबर इतक्या जोरात फिरवलाय की तिथला कागद केसाळ झालाय, ते केससुद्धा स्कॅनमध्ये दिसतात. पहिल्या काळ्या-पांढऱ्या खेपेत या जागी फक्त 'जिजाई' होतं, स्वच्छ, जणू पहिल्यापासून तेच.

अण्णा बक्षिसाची कोडी कधीच सोडवत नसत, हेही याच संदर्भात आठवलं. त्यांच्या एका चुलत्यांनी स्वातंत्र्यानंतरच्या त्या वर्षांत शब्दस्पर्धांच्या प्रवेशफीत बरेच पैसे घातले होते. कुठल्या कंपनीच्या, ते घरात कुणी बोललं नाही. त्या कोड्यांची तऱ्हाच ही, की एका जागी दोन शब्द सारखेच बसायचे, आणि बरोबर कुठला ते आधीच लिहून बंद पाकिटात ठेवलेलं. म्हणजे आवली की जिजाई हे ठरवायला उभा शब्द नाही, छापा-काटा. मुंबई सरकारनं १९४८ साली लॉटऱ्या आणि बक्षीसस्पर्धांवर कायदा केला. १९५५ साली केंद्राचाही आला, त्यात महिन्याला एक हजार रुपयांवर बक्षिसं देऊ नयेत अशी मर्यादा घातली. बेंगळुरूच्या एका साप्ताहिकातल्या कोड्यांचं प्रकरण तर सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि एप्रिल १९५७ मध्ये निकाल लागला की हा जुगार आहे, जुगाराला व्यापाराचं संरक्षण नाही. चुलत्यांची जमीन तोवर गेली होती. अण्णांच्या कोड्यांत म्हणूनच कुपन कापलेलं एकही कात्रण नाही.

पेट्या. आम्लरहित पुठ्ठ्याच्या तीन पेट्या, प्रत्येकी ३८० रुपये, एकीत तीन रजिस्टरं आडवी बसतात. चांगल्या आहेत. झाकण जरा घट्ट आहे.

कुणी जावं? ज्यांना नुसते फोटो हवेत त्यांनी जाऊ नये, ते मोबाइलवरही निघतात. ज्यांना घाई आहे त्यांनीही नको, लग्नपत्रिकांच्या सीझनात तर अजिबातच नको. माझे सहा आठवडे त्यातच गेले. जाल तेव्हा मात्र लेखी देऊन या: रंगीत, ४०० डीपीआय, पेन्सिल दिसली पाहिजे, फाइलला रजिस्टर-पान क्रमांक, विचारल्याशिवाय काही चिकटवायचं नाही. आणि टायपिंग घेणार असाल तर तपासायची तयारी स्वतःची ठेवा.

त्यावरून शेवटचं. पेट्या न्यायला गेले तेव्हा काकांनी एक कोरी प्रत मागून घेतली, सहज, दुपारी बसायला. दोन दिवसांनी फोन. "ताई, ते तेविसावं चुकीचं आहे. वडिलांचं नाही, पेपरवाल्याचं. आडवा नऊ, 'देवघरात रोज लागतो', दोन घरं. धूप. पण धूप घातला तर खालचं एकही सुटत नाही." मी म्हटलं, थांबा, स्कॅन उघडते. मूळ कात्रणात होतं, 'देवघरात रोज लागते'. लागतो नव्हे, लागते. वात. त्या मुलानं एक काना जास्त मारला होता आणि काकांनी त्यापायी दोन दुपारी घालवल्या होत्या.

पलीकडे थोडा वेळ नुसता स्कॅनरचा आवाज. मग म्हणाले, "त्या कोड्याचे पंचेचाळीस रुपये पुढच्या बिलात वळते करतो." आणि फोन न ठेवता आतल्या बाजूला हाक मारली, "अरे ए, तो 'लागतो' कुणी टाइप केलाय?"